येवल्याचा निर्णय आणि त्याचे दीर्घ परिणाम : नाशिक जिल्ह्याच्या संदर्भात एक ऐतिहासिक विवेचन

प्रस्तावना

आधुनिक महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासात १३ ऑक्टोबर १९३५ या दिवसाला असाधारण महत्त्व आहे. या दिवशी नाशिक जिल्ह्यातील येवला येथे भरलेल्या मुंबई इलाखा दलित वर्ग परिषदेत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी धर्मांतराचा निर्णय जाहीर केला. हिंदू म्हणून जन्माला येणे आपल्या हाती नव्हते, परंतु हिंदू म्हणून मरणे टाळणे आपल्या हाती आहे, अशा आशयाची ही घोषणा होती. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे ती प्रत्यक्षात आली. येवला आणि नागपूर या दोन टोकांमधील एकवीस वर्षांचा अभ्यास आजवर पुष्कळ झाला आहे. धर्मांतराची तात्त्विक कारणे, शीख, इस्लाम व ख्रिस्ती धर्मांचा झालेला विचार आणि बौद्ध धम्माची अंतिम निवड हे विषय चरित्रकारांनी व अभ्यासकांनी विस्ताराने हाताळले आहेत.

तथापि, या निर्णयाची एक बाजू तुलनेने दुर्लक्षित राहिली आहे. निर्णय घेणाऱ्या समाजाला त्या निर्णयासह पुढे जगावे लागले. ते जगणे व्यासपीठावरचे नव्हते. ते शाळेच्या दाखल्यातले, नोकरीच्या अर्जातले, गावच्या बलुत्यातले आणि घरातील देव्हाऱ्यातले होते. प्रस्तुत लेखात या बाजूचा विचार केला असून त्यासाठी नाशिक जिल्हा हे क्षेत्र निवडले आहे. निर्णयाची पार्श्वभूमी असलेला काळाराम मंदिर सत्याग्रह याच जिल्ह्यात झाला आणि निर्णयाची घोषणाही येथेच झाली. शिवाय, पुढे दिसून येईल त्याप्रमाणे, येथील रोजगाराच्या विशिष्ट रचनेमुळे त्या निर्णयाची किंमतही येथे अधिक ठळकपणे मोजता येते.

काळाराम मंदिर : निर्णयापूर्वीची पाच वर्षे

पंचवटीतील काळाराम मंदिर पेशवाईच्या उत्तरकाळात सरदार रंगराव ओढेकर यांनी बांधले. २ मार्च १९३० रोजी नाशिक येथे डॉ. आंबेडकर यांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली आणि त्याच दिवशी सुमारे १५ हजार लोकांची मिरवणूक शिस्तीने मंदिराकडे निघाली. दरवाजे बंद होते. मिरवणूक गोदावरीच्या घाटाकडे वळली व तेथे सभा झाली. दुसऱ्या दिवसापासून मंदिराच्या चारही दरवाजांवर सत्याग्रहींच्या तुकड्या बसू लागल्या. पहिल्या तुकडीत १२५ पुरुष आणि २५ स्त्रिया होत्या. गांधीजींची दांडीयात्रा त्यानंतर दहा दिवसांनी, १२ मार्च रोजी सुरू झाली. राष्ट्रीय इतिहासलेखनात १९३० चा मार्च महिना मिठाच्या नावे नोंदला गेला आणि नाशिकचे दरवाजे प्रादेशिक इतिहासाच्या वाट्याला आले, हे येथे नमूद करावयास हरकत नाही.

९ एप्रिल १९३० रोजी रथ दोन्ही बाजूंच्या लोकांनी ओढावा असे ठरले होते. तो समझोता प्रत्यक्षात पाळला गेला नाही. रथ परस्पर पुढे नेण्यात आला, दगडफेक झाली आणि अनेक सत्याग्रही जखमी झाले. सत्याग्रह समितीचे चिटणीस भाऊराव कृष्णराव ऊर्फ दादासाहेब गायकवाड, अमृतराव रणखांबे, पतितपावनदास यांच्यासारख्या स्थानिक कार्यकर्त्यांनी हा लढा पुढे चालू ठेवला. डॉ. आंबेडकर गोलमेज परिषदेसाठी लंडनला गेले असताना त्याचा भार प्रामुख्याने गायकवाड यांच्यावर होता. दिंडोरी तालुक्यातील आंबे या गावी १९०२ मध्ये जन्मलेल्या या कार्यकर्त्याने जिल्ह्याच्या खेड्यापाड्यांतून माणसे उभी केली. त्याची प्रतिक्रियाही खेड्यांतच उमटली. सत्याग्रहात सहभागी झालेल्यांवर बहिष्कार, शाळेतून मुलांना काढणे, दुकानातून माल न देणे असे प्रकार घडले. शहरातील दरवाजासमोर बसलेल्या सत्याग्रहीची भाकरी खेड्यात बंद होत होती, ही गोष्ट पुढील निर्णय समजून घेताना विसरता येत नाही.

या पाच वर्षांत सत्याग्रहाकडे पाहण्याची नेतृत्वाची दृष्टी बदलत गेली. फेब्रुवारी १९३३ मध्ये मंदिर प्रवेश विधेयकासंबंधी काढलेल्या निवेदनात डॉ. आंबेडकर यांनी उच्च शिक्षण, नोकऱ्या आणि उपजीविकेची साधने यांना मंदिर प्रवेशाहून अधिक महत्त्व दिले. ३ मार्च १९३४ रोजी भाऊराव गायकवाड यांना लिहिलेल्या पत्रात तर त्यांनी स्पष्ट केले की, हा लढा अस्पृश्यांना मूर्तिपूजक बनविण्यासाठी नव्हता. त्यांच्यात चैतन्य आणण्याचा व त्यांना स्वतःच्या स्थितीची जाणीव करून देण्याचा तो मार्ग होता. ते कार्य झाले असल्याने आता शक्ती शिक्षण व राजकारणाकडे वळवावी, असा त्या पत्राचा रोख होता. येवल्याच्या घोषणेची भूमी अशा रीतीने दीड वर्ष आधीच तयार झालेली दिसते. ती घोषणा क्षणिक संतापातून आली, हे तत्कालीन टीकाकारांचे मत म्हणूनच टिकत नाही.

येवल्याच्या परिषदेत काळाराम मंदिराचा लढा थांबविण्याचाही निर्णय झाला. पुढे १९४७ च्या मुंबई हरिजन मंदिर प्रवेश कायद्याने इलाख्यातील मंदिरांची दारे कायद्याने खुली केली. त्याच वर्षी पंढरपूरच्या विठ्ठल मंदिरासाठी साने गुरुजींनी उपोषण केले होते. नाशिकमध्ये मात्र परिस्थिती चमत्कारिक झाली होती. ज्यांनी या दरवाजासाठी मार खाल्ला, त्यांच्यातील बहुसंख्य लोकांना दरवाजा उघडला तेव्हा आत जावयाचे नव्हते. हक्क मिळविण्यासाठी झगडावे आणि तो मिळेपर्यंत त्याची गरज संपलेली असावी, अशी उदाहरणे सामाजिक चळवळींच्या इतिहासात फार नाहीत.

कायद्याची अनुसूची आणि धर्माचा रकाना

येवल्याच्या घोषणेचा कालानुक्रम कायद्याच्या कालानुक्रमाशेजारी ठेवून पाहिल्यास एक महत्त्वाची गोष्ट लक्षात येते. २४ सप्टेंबर १९३२ च्या पुणे कराराने दलित वर्गांसाठी राखीव जागा मान्य झाल्या. त्यांना कायद्याचे रूप देणाऱ्या १९३५ च्या भारत सरकार कायद्यास २ ऑगस्ट १९३५ रोजी राजसंमती मिळाली. येवल्याची घोषणा त्यानंतर जेमतेम सव्वादोन महिन्यांनी झाली. म्हणजे, ज्या क्षणी अस्पृश्यांच्या राजकीय संरक्षणाला प्रथमच कायद्याचा आधार मिळाला, त्याच क्षणी त्यांच्या सर्वांत मोठ्या नेत्याने ज्या धर्माच्या चौकटीत ते संरक्षण बसविलेले होते तो धर्म सोडण्याचा निर्णय जाहीर केला.

३० एप्रिल १९३६ रोजी अनुसूचित जातींची पहिली यादी आदेशाद्वारे प्रसिद्ध झाली. 'अनुसूचित जाती' ही संज्ञा याच कायद्याने व यादीने रूढ केली. भारतीय ख्रिश्चनांना अनुसूचित जातीचे मानले जाणार नाही, असे या आदेशात स्पष्ट होते. बंगालपुरते बौद्ध आणि आदिवासी धर्म मानणाऱ्यांनाही वगळलेले होते. त्यानंतर बरोबर एका महिन्याने, ३० व ३१ मे १९३६ रोजी, मुंबईत नायगाव येथे मुंबई इलाखा महार परिषद भरली. तेथील डॉ. आंबेडकर यांचे भाषण पुढे 'मुक्ती कोन पथे?' या नावाने प्रसिद्ध झाले. या भाषणात धर्मांतरामुळे राजकीय हक्क जातील काय, या प्रश्नाला त्यांनी स्वतंत्र उत्तर दिले आहे. केवळ राजकीय संरक्षणावर विसंबून राहू नये, कारण ती संरक्षणे चिरकाल टिकणारी नाहीत, हा त्या उत्तराचा एक भाग होता. आपण जिकडे जाऊ तिकडे आपले हक्क बरोबर नेता येतील, हा दुसरा भाग होता. पहिला भाग दीर्घ पल्ल्याचा विचार म्हणून आजही वाचण्यासारखा आहे. दुसरा भाग मात्र पुढील चौपन्न वर्षांच्या इतिहासाने जवळजवळ खोटा ठरविला.

याच सुमारास, जून १९३६ मध्ये, हिंदू महासभेचे नेते डॉ. बा. शि. मुंजे यांच्याबरोबर झालेल्या बोलण्यांतही हाच प्रश्न मध्यवर्ती होता. अस्पृश्यांनी शीख धर्म स्वीकारल्यास महासभेने विरोध करू नये आणि या नवशिखांना पुणे कराराचे लाभ चालू राहावेत, असे त्या योजनेचे स्वरूप होते. मद्रासचे नेते एम. सी. राजा यांनी तो पत्रव्यवहार उघड करून विरोध केला आणि योजना बारगळली. मुंजे यांनी पुढच्याच वर्षी नाशिकला भोसला सैनिकी विद्यालय सुरू केले. येवल्याच्या घोषणेला उत्तर शोधणारा हा पुढारी त्याच जिल्ह्यात येऊन स्थिरावला, हा योगायोग होय. यावरून एवढे निश्चित म्हणता येते की, धर्म बदलला तर अनुसूचीतील स्थान राहील काय, ही चिंता १९५६ नंतर उद्भवलेली नाही. ती निर्णयाच्या पहिल्या वर्षापासून निर्णयकर्त्यांच्या समोर होती. घोषणा व दीक्षा यांमधील दीर्घ अंतरामागे अनेक कारणे होती. १९३७ च्या निवडणुका, स्वतंत्र मजूर पक्ष, महायुद्ध, मंत्रिपद, संविधान निर्मिती अशी ती मांडली जातात. त्यांत या चिंतेलाही स्थान द्यावे लागेल.

स्वतंत्र भारतात १० ऑगस्ट १९५० रोजी संविधान (अनुसूचित जाती) आदेश निघाला. त्याच्या तिसऱ्या परिच्छेदाने हिंदू धर्माखेरीज अन्य धर्म मानणारी व्यक्ती अनुसूचित जातीची मानली जाणार नाही, असे ठरविले. पंजाबातील चार शीख जातींचा अपवाद तेवढा होता. येवल्याची घोषणा करणारे डॉ. आंबेडकर त्या वेळी केंद्रीय कायदामंत्री होते. या वस्तुस्थितीवरून घाईने निष्कर्ष काढणे योग्य नव्हे, कारण आदेश राष्ट्रपतींचा होता आणि त्यामागे संविधान सभेतील व मंत्रिमंडळातील अनेक तडजोडी होत्या. तरीही ती वस्तुस्थिती अभ्यासकाने नजरेआड करू नये. सप्टेंबर १९५६ मध्ये संसदेने या परिच्छेदात दुरुस्ती करून 'हिंदू' या शब्दाबरोबर 'शीख' हा शब्द घातला. बौद्धांचा उल्लेख त्यात नव्हता. नागपूरची दीक्षा त्यानंतर तीन आठवड्यांच्या आत झाली. ज्या धर्माचा विचार करून १९३६ नंतर बाजूला ठेवला होता, त्या धर्मातील दलितांना संरक्षण मिळाले होते. ज्या धर्माची निवड केली, तो यादीबाहेर राहिला. दीक्षेनंतर ५३ दिवसांनी, ६ डिसेंबर १९५६ रोजी, बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. कायदा बदलून घेण्याची ताकद असलेला नेता निघून गेला आणि निर्णय अनुयायांच्या हाती राहिला.

जनगणनेच्या आकड्यांवरून या निर्णयाची व्याप्ती कळते. आजच्या महाराष्ट्राच्या क्षेत्रात १९५१ मध्ये बौद्धांची संख्या २,४८७ होती. १९६१ मध्ये ती २७,८९,५०१ झाली. दहा वर्षांत धर्माच्या रकान्यात एवढा बदल क्वचितच कुठे झाला असेल. परंतु या प्रत्येक नोंदीमागे एक किंमत होती. 'बौद्ध' असे लिहिणारा माणूस कायद्याच्या दृष्टीने अनुसूचित जातीचा राहत नव्हता. त्याचे दारिद्र्य तेच होते, गावाबाहेरची वस्ती तीच होती आणि गावाची त्याच्याकडे पाहण्याची दृष्टीही बदललेली नव्हती. बदलला होता तो केवळ त्याचा कायदेशीर दर्जा.

याचा पहिला फटका राजकारणात बसला. दीक्षेनंतर काही महिन्यांतच १९५७ च्या निवडणुका आल्या. संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत दादासाहेब गायकवाड नाशिकमधून लोकसभेवर निवडून गेले, आणि त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला रिपब्लिकन पक्षाची स्थापना झाली. पण राखीव जागांवर उभे राहावयाचे तर उमेदवारी अर्जात हिंदू लिहावे लागे. विदर्भातील एका आमदाराची १९६२ ची राखीव मतदारसंघातील निवड याच मुद्द्यावर न्यायालयात गेली आणि सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द ठरविली. धर्म 'मानणे' म्हणजे त्याचा उघडपणे स्वीकार करणे, असा अर्थ न्यायालयाने लावला. म्हणजे जो माणूस प्रामाणिकपणे आपला धर्म सांगेल तो अपात्र आणि जो तो लपवील तो पात्र, अशी स्थिती निर्माण झाली. पक्षाच्या पुढील दुर्बलतेची कारणे शोधताना नेत्यांमधील गटबाजीकडे नेहमी बोट दाखविले जाते आणि ते चुकीचे नाही. मात्र ज्या पक्षाचा निष्ठावंत मतदार आणि निष्ठावंत उमेदवार दोघेही राखीव जागेच्या कक्षेबाहेर फेकले गेले होते, त्या पक्षाची अडचण केवळ गटबाजीने स्पष्ट होत नाही.

दुसरा फटका नोकऱ्यांत बसला. येथे नाशिक जिल्ह्याचे वेगळेपण पुढे येते. महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतर यशवंतराव चव्हाण यांच्या मंत्रिमंडळाने नवबौद्धांना अनुसूचित जातींप्रमाणे शैक्षणिक सवलती व राज्य सेवेतील आरक्षण लागू केले. हा निर्णय महत्त्वाचा होता आणि मराठवाडा, विदर्भ व पश्चिम महाराष्ट्रातील बौद्ध तरुणांची पहिली सुशिक्षित पिढी त्याच्या आधाराने घडली. पण राज्याचा अधिकार राज्याच्या सेवेपुरताच होता. नाशिक जिल्ह्यातील मोठी रोजगार केंद्रे केंद्र सरकारच्या अखत्यारीतील होती. नाशिकरोडचे भारत प्रतिभूती मुद्रणालय १९२५ पासून, चलार्थ पत्र मुद्रणालय १९२८ पासून चालू होते. देवळालीची लष्करी छावणी, मनमाडचे रेल्वे जंक्शन व तेथील कारखाना, आणि १९६४ पासून ओझरचा विमान कारखाना ही सर्व केंद्राची आस्थापने होत. या दरवाजांपाशी राज्याची सवलत संपत होती. मनमाड येथेच फेब्रुवारी १९३८ मध्ये डॉ. आंबेडकर यांनी रेल्वेतील दलित कामगारांच्या परिषदेत ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही या कामगारांच्या दोन शत्रूंविषयी भाषण केले होते. त्या कामगारांच्या मुलांना वीस-पंचवीस वर्षांनंतर त्याच रेल्वेत राखीव जागेसाठी अर्ज करताना धर्माच्या रकान्यात काय लिहावे, हा प्रश्न पडला.

या प्रश्नाचे उत्तर वेगवेगळ्या कुटुंबांनी वेगवेगळे दिले. काहींनी 'बौद्ध' लिहून राखीव जागेवर पाणी सोडले. अनेकांनी शाळेच्या दाखल्यावर 'हिंदू महार' ही जुनी नोंद कायम ठेवली आणि जनगणनेच्या वेळी 'बौद्ध' सांगितले. या दुहेरी नोंदीला समाजातील काही विचारवंतांनी दांभिकपणा म्हटले. असा निवाडा करणे सोपे आहे. परंतु दारिद्र्यातून वर येण्याचा एकमेव मार्ग ज्या कागदातून जात होता, त्या कागदाच्या अटी लाभार्थ्याने ठरविलेल्या नव्हत्या. दुहेरी नोंदीतील विसंगती मुळात १९५० च्या आदेशाची होती. ती कुटुंबांच्या माथी मारली गेली, असे म्हणणे अधिक न्याय्य ठरेल.

डिसेंबर १९६४ मध्ये दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली रिपब्लिकन पक्षाने देशव्यापी भूमिहीनांचा सत्याग्रह केला. त्याची नोंद भूमीचा लढा म्हणून होते आणि ते रास्तच आहे. मात्र पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांना दिलेल्या मागण्यांच्या सनदेत पडीक जमिनीच्या वाटपाबरोबर बौद्धांना अनुसूचित जातींच्या सवलती चालू ठेवण्याची मागणीही होती. काळारामाच्या दरवाजावर चौतीस वर्षांपूर्वी तुकड्या बसविणारा माणूस आता आधीच घेतलेल्या निर्णयाची भरपाई मागत होता. २९ डिसेंबर १९७१ रोजी त्यांचे निधन झाले, तोवर ही मागणी मान्य झालेली नव्हती. ती मान्य झाली १९९० मध्ये, विश्वनाथ प्रताप सिंह यांच्या सरकारच्या काळात. संसदेने तिसऱ्या परिच्छेदात 'हिंदू, शीख' यांपुढे 'बौद्ध' हा शब्द घातला. नागपूरपासून चौतीस आणि येवल्यापासून पंचावन्न वर्षे लोटली होती. १९५६ मध्ये विशीत दीक्षा घेतलेला तरुण १९९० मध्ये निवृत्तीच्या उंबरठ्यावर होता. त्याच्यापुरता हा बदल उपयोगाचा नव्हता.

गावगाडा : महारकी सोडल्यानंतर

धर्मांतराचा आणखी एक परिणाम गावाच्या अर्थव्यवस्थेत दिसतो. महार हा गावगाड्यातील बलुतेदार. वेसकर म्हणून वेशीची राखण, तराळ म्हणून निरोप पोचविणे, सरकारी कामगारांची बडदास्त, मेलेली जनावरे ओढणे ही त्याची कामे. मोबदल्यात खळ्यावरचे बलुते, भाकरी आणि हाडकी-हाडोळ्याची वतनी जमीन. या वतनातच गुलामी असल्याचे डॉ. आंबेडकर यांनी ओळखले होते आणि १९२८ मध्ये मुंबई कायदे कौन्सिलात त्यासंबंधीचे विधेयक आणले होते. महाडच्या १९२७ च्या परिषदेनंतर मेलेली जनावरे न ओढण्याचा निर्धार खेड्यांतून पसरला. दीक्षेतील प्रतिज्ञांनी त्याला धर्माचे बळ दिले. १९५८ च्या मुंबई कनिष्ठ गाव वतने निर्मूलन कायद्याने महारकी कायद्यानेही संपली.

महारकी संपणे ही मुक्तीच होती. परंतु वतनाबरोबर खळ्यावरचा वाटाही गेला. जमीन मूळ वतनदारांना नव्या शर्तीवर परत मिळाली, पण ती भावकीत तुकड्या-तुकड्यांनी विभागलेली, बहुधा हलक्या प्रतीची, आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या पूर्वपरवानगीविना हस्तांतर करता न येणारी. निफाड, दिंडोरीसारख्या बागाईत तालुक्यांत कालव्याच्या पाण्यावर ऊस आणि द्राक्षबागा वाढल्या, त्यात या तुकड्यांचा वाटा अल्प राहिला. गावातील कामे नाकारणाऱ्याला त्याच गावात शेतमजुरी मागावी लागली. नाशिकरोड, देवळाली, मुंबई या दिशेने झालेले स्थलांतर या पार्श्वभूमीवर समजून घ्यावे लागते. स्थलांतरितांना जेथे नोकरी हवी होती ती केंद्राची आस्थापने, आणि तेथे 'बौद्ध' ही नोंद उपयोगाची नव्हती. अशा रीतीने निर्णयाचे हे दोन परिणाम एकाच कुटुंबात एकत्र येत होते.

निर्णयाचा एक परिणाम दलित समाजांतर्गतही झाला. येवल्याच्या घोषणेनंतर चर्मकार व मातंग समाजांतील अनेक नेते धर्मांतराच्या मार्गाने गेले नाहीत. परिणामी धर्मांतर हे मुख्यत्वे महार समाजाचे झाले. दलित जातींच्या ऐक्याला तेथून पडलेली फट नंतरच्या राजकारणाने रुंदावली. अनुसूचित जातींच्या उपवर्गीकरणास मुभा देणारा सर्वोच्च न्यायालयाचा १ ऑगस्ट २०२४ चा निकाल आल्यानंतर महाराष्ट्रात जी चर्चा सुरू झाली, तिच्यात बौद्ध एका बाजूला आणि मातंग दुसऱ्या बाजूला अशी मांडणी वारंवार दिसते. तिचे मूळ केवळ आरक्षणाच्या आकडेवारीत शोधून चालणार नाही.

देव्हारा आणि गीत

घरातील परिणामांची कागदोपत्री नोंद स्वाभाविकच कमी आहे. दीक्षेनंतर घरातील टाक व मूर्ती नदीत किंवा विहिरीत सोडल्या गेल्या. मरीआई, म्हसोबा यांच्या उत्सवांतील परंपरागत कामे नाकारली गेली. ज्या गोदावरीच्या काठी १९३० मध्ये मंदिर प्रवेशासाठी सभा झाली, तिच्याच खोऱ्यातील वस्त्यांतून पंचवीस-सव्वीस वर्षांनी देव पाण्यात सोडले गेले. हा बदल स्त्रियांसाठी अधिक कठीण होता, कारण व्रते, नवस, जत्रा हे त्यांच्या जीवनातील थोडेसे मोकळे अवकाश होते. त्यांची जागा बुद्धवंदना, जयंती आणि जलसे यांनी घेतली. सिन्नर तालुक्यातील देशवंडी येथे जन्मलेले लोककवी वामनदादा कर्डक (१९२२–२००४) यांनी गावोगाव फिरून या नव्या जीवनाला गाणे दिले. निरक्षर आईला आपण काय सोडले आणि का सोडले हे या गीतांतून कळत होते. ग्रंथांइतकेच, कदाचित अधिक, हे निर्णयाचे इतिहासलेखन होते.

दुसरीकडे, नाशिकजवळच्या विहितगावचे बाबुराव बागूल (१९३०–२००८) यांनी 'जेव्हा मी जात चोरली होती' हा कथासंग्रह १९६३ मध्ये प्रसिद्ध केला. जात लपविण्याचा प्रश्न साहित्याच्या मध्यवर्ती येण्याचा आणि धर्माच्या रकान्यात काय लिहावे हा प्रश्न कुटुंबांना पडण्याचा काळ एकच आहे.

शहरापासून काही मैलांवर त्रिरश्मी डोंगरातील लेणी आहेत. सातवाहन व क्षत्रप राजांनी तेथील भिक्षुसंघाला दिलेल्या दानांचे शिलालेख इतिहासाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला परिचित आहेत. लोकव्यवहारात मात्र ती 'पांडवलेणी' या नावानेच ओळखली जात. काळारामाच्या दरवाजावर बसलेल्यांपैकी बहुतेकांना आपण पुढे ज्या धम्माकडे जाणार आहोत, त्याचे सर्वांत जुने स्थानिक अवशेष इतके जवळ असल्याची जाणीव असण्याचे कारण नव्हते. आज तेथे आणि येवल्याच्या मुक्तिभूमीवर दरवर्षी जनसमुदाय जमतो.

दाखल्यातील जात

२०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात ६५,३१,२०० बौद्ध होते. १९९० च्या दुरुस्तीनंतर त्यांच्यातील अनुसूचित जातीतून आलेल्यांना केंद्राच्याही सवलती मिळू लागल्या. मात्र बौद्ध असणे हा त्या सवलतींचा आधार नाही. आधार आहे तो अनुसूचीतील मूळ जातीचा. महाराष्ट्राच्या जात प्रमाणपत्र व पडताळणीविषयक नियमांनुसार अनुसूचित जातीचा दावा सिद्ध करण्यासाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा लागतो. त्या तारखेच्या नोंदी अर्थातच दीक्षेपूर्वीच्या आहेत आणि त्यांत धर्म हिंदू व जात महार अशीच नोंद आहे. पुरावा बहुधा आजोबा किंवा पणजोबांच्या प्राथमिक शाळेतील नाव नोंदणी पुस्तकातील उताऱ्याच्या, कोतवाल बुकातील जन्म-मृत्यूच्या नोंदीच्या, किंवा वतनी जमिनीच्या सातबारा व फेरफाराच्या रूपाने मिळतो. जी महारकी सोडण्यासाठी तीन दशके झगडावे लागले, तिच्याच वतनाचा फेरफार नातवाच्या प्रवेशासाठी तलाठी कार्यालयातून काढून आणावा लागतो. जे कुटुंब १९३०-३५ च्या काळात बहिष्कारामुळे शाळेपासून वंचित राहिले, किंवा ज्याच्याकडे वतनी जमीन नव्हती, त्याला असा कागद मिळविणे सर्वांत कठीण जाते. जात पडताळणी समितीपुढे अर्ज करणारा विद्यार्थी धर्माच्या रकान्यात 'बौद्ध' लिहितो आणि सोबत पणजोबांच्या शाळेच्या उताऱ्याची साक्षांकित प्रत जोडतो.